सहा पाकळ्यांचं फूल

परांचीवर चढून हेरमिनियाने खांबाच्या माथ्यावरचं गिलाव्याचं फूल पुन्हा मोजलं. सहा पाकळ्या. हातातल्या १९२६च्या फोटोत मात्र पाच.

मनिलाच्या जुन्या विधिमंडळाचं सभागृह युद्धात कोसळलं, नकाशे जळाले, आणि नंतर ते आठवणीवरच उभं राहिलं. आता हा फोटो सापडला होता. फुलं मूळ रूपात करा, असं जीर्णोद्धार समितीने ठरवलं होतं. युद्धानंतर ही सहा पाकळ्यांची फुलं घडवणारा एल्पिदिओ खाली खुर्चीवर बसून कामगारांना पाव वाटत होता. वय त्र्याऐंशी. त्याला सांगायचं काम हेरमिनियावर आलं होतं.

ती खाली उतरली.

"काका, रागावणार नसाल तर एक दाखवते."

"रागवायलाही दम लागतो, पोरी. दाखव."

फोटो त्याने नाकाशी धरला, पाकळ्यांवरून बोट फिरवलं आणि खो खो हसला.

"पाचच की गं! इतकी वर्षं इथं बसून कायदे केले लोकांनी, एकालाही मोजता येऊ नये?"

मग बोट फोटोच्या कडेला थांबलं. तिथे थापी घेऊन एक तरुण उभा होता.

"हे तर आमचे सिक्स्तो मास्तर."

"तुम्हाला शिकवलं ते?"

"तेच. म्हणजे मूळ फुलं त्यांच्याच हातची." त्याने फोटो मांडीवर ठेवला. "पंचेचाळीस साली, युद्धात, आई आणि दोन्ही बहिणी एका दुपारी गेल्या. त्यानंतर दोन वर्षं माझ्या तोंडातून शब्द फुटला नाही. मास्तरांनी कामाला लावलं. हे पहिलं फूल झालं आणि मी तोंड उघडून विचारलं, 'जमलं का?'"

"मग?"

"मास्तर कितीतरी वेळ बघत राहिले. म्हणाले, 'झकास. सगळीकडे असंच कर.'"

हेरमिनियाने फोटो हळूच परत घेतला.

"समितीशी बोलते मी, काका. राहू देत ही फुलं."

"छे! माझ्यापायी चाळीस खांब चुकू दिले त्या माणसाने. आता मी चांगला बडबडा झालोय. त्यांचं त्यांना परत करायला नको?"

त्याने कोट काढून खुर्चीवर टाकला आणि पातळ छिन्नी मागितली. दोघा कामगारांनी दंडाला धरून त्याला वर चढवलं; हेरमिनिया मागोमाग गेली. तो कडेकडेने ठोकत राहिला, फार हलक्या हाताने. फूल अखंड सुटलं.

ते कुठे ठेवावं हे त्याला सुचेना. हेरमिनियाने दोन्ही हात पुढे केले.