वर खडक आहे

उन्हाळा लागला की त्या गावात प्रत्येकाच्या दाराशी एक भरलेली बॅग येऊन बसायची. कागदपत्रं, औषधं, दोन कपडे, फोटो असला तर फोटो. सलग चौथं वर्ष होतं. जंगल पेटायचं, धूर यायचा, वाळत घातलेले कपडे काळे होऊन परत मिळायचे. बायका ते आधी झटकून पुन्हा धुवायच्या, मग नुसत्या शिव्या देऊन झटकायच्या, आणि पुढे पुढे त्यांनी झटकणंही सोडून दिलं. गुरं बांधायची नाहीत, ट्रॅक्टरची किल्ली ट्रॅक्टरलाच ठेवायची, पिंपं काठोकाठ भरलेली, पोती ओली. कोणाच्या चुलीचा धूर जरा जास्त दिसला तर शेजारी भांडायला हजर. माणसं इतकी वैतागली होती की एकदाची येऊन जाऊ दे मेली आग, असंही बोलून जायची. असं बोलणाऱ्याचं घर अजून जळलेलं नसायचं, हे सांगायला नकोच. ज्याचं जळतं त्यालाच कळतं.

गावात डोझर एकच होता आणि तो चालवायचा ओळंबा. हे काही त्याचं खरं नाव नव्हे. गवंड्याचा ओळंबा जसा कधी वाकडा लोंबत नाही, तशी ह्याने काढलेली वाट, चर, बांध, काहीही कधी वाकडं गेलं नाही, म्हणून हे नाव पडलं. आईबापाने ठेवलेलं नाव त्याची बायकोही विसरली होती. ते लक्षात असलेली एकच व्यक्ती, त्याची थोरली बहीण, आणि ती त्याला धाकट्या म्हणायची.

ताई गावाच्या वर, चढावर राहायची. तिथं घरं तीनच. एक ताईचं, एक मेंढपाळाचं, आणि एकाला बारा महिने कुलूप. भाऊजी गेल्यापासून ताई एकटीच रोपवाटिका चालवायची. हजारो काळ्या पिशव्या, एकेका पिशवीत वीतभर रोप. दर वर्षी आग विझली की गाव तिच्याकडेच यायचं रोपं न्यायला, पैसे पुढच्या महिन्यात देतो म्हणायचं, आणि ताई बरं म्हणायची. तो पुढचा महिना कधी कॅलेंडरात आला नाही, ही गोष्ट वेगळी.

ताईच्या घराच्या वर वखारवाल्यांचं रान होतं. सरळ उंच झाडं, ओळीने लावलेली, तोडायला आलेली. वखारवाले म्हणजे गावातलं मोठं माणूस. लाकडाची वखार त्यांची, डोझर त्यांचा, आणि तसं बघायला गेलं तर ओळंबाही त्यांचाच. रानाचा त्यांनी विमा उतरवला होता. जळालं तर भरपाई पुरेपूर. स्वतःच्या मशीनने आडवं केलं तर छदाम नाही.

त्या वर्षी धूर डोंगराच्या माथ्यावर दिसला तेव्हा अग्निशमनचे साहेब जीप घेऊन आले. शाळेच्या हॉलमध्ये सगळ्यांना जमवलं. साहेब बाहेरगावचे, झोप न झालेले. त्यांनी नकाशा भिंतीला लावला आणि सांगितलं, आग अडवायची तर आडवी रेष काढावी लागेल. झाडं, गवत, मुळं, सगळं खरवडून उघड्या मातीचा रुंद पट्टा, म्हणजे आगीला पलीकडे जायला खायला काही उरणार नाही.

"दोन जागा दिसतायत," साहेब म्हणाले. "एक तीन घरांच्या वरून, त्या रानाची खालची कड कापून. दुसरी घरांच्या खालून. वरून काढली तर सगळंच आत येतं. वर मशीन चालेल का?"

"वर कुठलं चालतंय, साहेब!" वखारवाले म्हणाले. आवाज अगदी प्रेमळ. "वर सगळा खडक. वीतभर माती आणि खाली खडक. पातं मोडेल, मशीन तिथंच अडकेल, मग ना वरची रेष ना खालची. माझं ऐकू नका, ह्याला विचारा. चालवणारा तो आहे."

सगळा हॉल ओळंब्याकडे बघायला लागला.

वर काय आहे ते ओळंब्याला पक्कं ठाऊक होतं. ते रान लावलं तेव्हा खड्डे त्यानेच काढले होते. मळलेल्या कणकेसारखी मऊ माती, कमरेएवढं खणलं तरी गोटा लागत नव्हता. त्याने वखारवाल्यांकडे पाहिलं. ते त्याच्याकडे बघतसुद्धा नव्हते, चष्मा पुसत होते. नोकर पुरता तयार झालेला असला की मालकाला धमकी देण्याचेही कष्ट पडत नाहीत.

"खडक आहे," ओळंबा म्हणाला.

मागून मेंढपाळ उठला. "मी रोज मेंढ्या घेऊन जातो वर. मला नाही कधी दिसला खडक."

"तुझ्या मेंढ्या जमीन नांगरतात का?" कोणीतरी म्हणालं, आणि हॉल हसला. ज्यांची घरं खाली होती ते जरा जास्तच हसले.

मग ताई उठली. एरवी चारचौघांत न बोलणारी बाई, पण त्या दिवशी तिला राहवलं नाही. "दादा, तो म्हणतो म्हणजे खडक असणार," ती मेंढपाळाला म्हणाली. "माझा भाऊ खोटं कशाला बोलेल? रेषेच्या पलीकडे माझंच घर राहणार आहे ना?"

मेंढपाळ खाली बसला. साहेबांनी नकाशावर तीन घरांच्या खालून लाल रेघ मारली. शेवटी गाव वाचलं पाहिजे, असं सगळे एकमेकांना सांगत घरी गेले. आयजीच्या जिवावर बायजी उदार.

ओळंब्याने स्वतःची समजूत काढून ठेवली होती. वारा दर वर्षी इकडून पलीकडे असतो, आग माथा ओलांडून इकडे उतरणारच नाही, मग रेष वर काढली काय आणि खाली काढली काय. माणूस स्वतःला फसवायला बसला की त्याच्याइतका हुशार वकील शोधून सापडत नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्याने ताईच्या कुंपणाखाली पातं टेकवलं. वर ताई आणि त्याची बायको ट्रॉलीत सामान भरत होत्या. पलंग, भांडी, शिलाई मशीन, भाऊजींची खुर्ची. रोपं न्यायला ना जागा होती ना खाली पाणी. ताईने एक ओळसुद्धा न चुकवता सगळ्या पिशव्यांना पाणी घातलं. ओळंब्याला ते सीटवरून दिसत होतं आणि बघवत नव्हतं, म्हणून तो पात्याकडे बघत राहिला.

दुपारी ती डबा घेऊन आली. आई गेली तेव्हा हा शाळेतही जात नव्हता, आणि तेव्हापासून घरात एकच रीत होती. आधी धाकटा जेवणार, मग ताई. तिचं लग्न झालं, त्याचं लग्न झालं, तरी तो समोर असला की रीत तीच. ती उकरलेल्या मातीच्या ढिगावर बसली आणि त्याने काढलेल्या पट्ट्यावरून नजर फिरवली.

"ते मूळ राहिलंय बघ तिथं," ती म्हणाली. "मुळातून आग खालच्या खाली सरकते. नीट काढ रे. माझं जातंय तर जातंय, तुझं तरी धड राहू दे."

त्याने हातातला घास परत डब्यात ठेवला. अजून अर्धा दिवस हातात होता. मशीन वर न्यायला कितीसा वेळ लागला असता? नुसतं तोंड उघडायचं होतं.

"ताई, वर..."

"काय वर?"

"काही नाही. वर धूर वाढलाय."

"वाढू दे. तू खा. मी नंतर जेवेन."

वारा फिरला तो पुढच्या दुपारी. आधी नुसता आवाज आला, दुरून मोठी गाडी यावी तसा. वखारवाल्यांचं रान खालपासून शेंड्यापर्यंत एकदमच पेटलं. मग कुलपाचं घर, मग मेंढपाळाचा गोठा, मग ताईचं. रोपवाटिकेच्या पिशव्या वितळल्या, त्याचा काळा, घाण वासाचा धूर वेगळा ओळखू येत होता. आग रेषेपर्यंत आली, लांबच लांब उभी राहिली आणि तिथंच बसली. ठिणग्या मात्र उडत होत्या. गावातली सगळी माणसं ओली पोती घेऊन छपरांवर चढली होती. ओळंब्याच्या छपरावर ताई होती. स्वतःचं घर समोर जळत असताना ती बाई भावाच्या पत्र्यावर बादल्या ओतत होती.

संध्याकाळी लोकांनी ओळंब्याला खांद्यावर घेतलं. सरळ रेष, एक मूळ राहिलं नाही, पोरांनो बघा, कामाची इमानदारी म्हणतात ती ही! तो म्हणत होता, उतरवा मला. लोकांना वाटलं लाजतोय.

पुढचं नेहमीसारखंच. पहिला महिना घर गेलेल्यांना ब्लँकेटं आणि भाषणं मिळाली, दुसऱ्या महिन्यात नुसती भाषणं, तिसऱ्यात रस्त्यात भेटलं की लोक घड्याळ बघायला लागले. मेंढपाळाने कळप विकला आणि एका खोलीत भाड्याने राहायला गेला. ताई ओळंब्याकडे आली, मागच्या खोलीत, जिथं पोती आणि सायकली असायच्या. बायको मनाने वाईट नव्हती, पण घर दोन खोल्यांचं, आणि स्वयंपाकघरात दोन बायकांचे हात एकाच डब्याला लागले की झाकण आपटतंच. ताई सगळ्यांच्या आधी उठायची आणि शेवटी जेवायची.

विम्याची भरपाई वखारवाल्यांना मिळाली. मग त्यांनी ओळंब्याला बोलावून घेतलं. "तुझी ताई आता राखेत जाऊन थोडीच राहणार? जागा मी घेतो. तेवढीच तिला मदत." मेंढपाळाची जागा अशीच घेतली, कुलपाचीही घेतली. ताईला समजावलं ओळंब्यानेच. तिने सही केली आणि विचारलं, "तुला बरं वाटतंय ना हे?" तो हो म्हणाला. हो म्हणायची त्याला सवयच लागली होती.

पाऊसकाळ सरला तसं त्या तीन जागांवर पाहुण्यांसाठी सुट्टीची घरं उभी राहिली, लाकडी सज्जांची, रंगीत दारांची. आयत्या बिळावर नागोबा, दुसरं काय. वखारवाल्यांनी त्याच सपाट्यात नवा डोझरही घेतला.

पुन्हा उन्हाळा आला. पुन्हा बॅगा दाराशी, पुन्हा शाळेचा हॉल. साहेब नवे होते. त्यांनी नकाशा लावायच्या आतच वखारवाले उठले. "यंदा वाट बघायची नाही, साहेब. धूर दिसायच्या आधीच रेष काढून ठेवू. वरून. सगळंच आत आलं पाहिजे, एक घर बाहेर राहता कामा नये."

"आणि खडक?" मेंढपाळाने मागून विचारलं.

"अरे बाबा, मशीन नवं आहे आता. मोठं पातं आहे," वखारवाले हसून म्हणाले. हॉलही हसला, पण ह्या वेळी जरा जपून. ओळंबा आपल्या चपलांकडे बघत होता. ताई सभेला नव्हती. तिला आता सभेत बोलावण्यासारखं काही उरलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी ती डबा घेऊन वर चढली. आगीनंतर पहिल्यांदाच. रंगीत दारांच्या समोरून गेली, थांबली नाही. ओळंब्याने तिला येताना पाहिलं आणि उगाचच पातं वर उचललं. मागे जळक्या बुंध्यांमधून रेष आली होती, काळीभोर, रुंद, दोरी धरल्यासारखी.

ताई उभी राहून बघत राहिली. "इथं कसं रे चाललं?"

"नवं मशीन आहे, ताई. दमदार आहे."

ती कापलेल्या मातीच्या कडेपाशी गेली, वाकली, आणि हात मनगटापर्यंत आत घातला. हात अलगद गेला. मूठभर माती काढून तिने ती दाबली, मग तळहात उघडला. गोळा झाला, आणि बोट लावताच सुटला. जन्म मातीत गेलेली बाई. तिला कोणी सांगायची गरज नव्हती.

"अशी माती मी गाडीभाडं देऊन विकत आणायचे," ती म्हणाली. "पिशव्या भरायला."

ओळंब्याने इंजिन बंद केलं.

"खडक कुठे होता, धाकट्या?"

"ताई..."

"दाखव ना. मोठा नको. मुठीएवढा दाखव. मी तेवढ्यावर भागवीन."

आणि त्या मूर्खाने खरोखरच इकडेतिकडे पाहिलं. एखादा दगड, एखादा गोटा, काहीतरी. नजर पोचेल तिथपर्यंत नुसती माती होती.

ताईने हात पदराला पुसला. मागच्या वर्षीसारखीच मातीच्या ढिगावर बसली, डब्याचं झाकण उघडून मांडीवर ठेवलं आणि जेवायला लागली. सावकाश, त्याच्याकडे बघत, एकेक घास नीट चावून. त्याने काही मागितलं नाही, तिने काही विचारलं नाही. डबा बोटाने पुसून स्वच्छ केला, बाटलीतलं पाणी प्यायली, झाकण लावलं आणि चढ उतरून गेली.

ओळंबा सीटवर उपाशी बसून होता. खालून वखारवाल्यांनी हाक मारली, मशीन का थांबलं रे म्हणून. त्याने चावी फिरवली आणि पातं खाली घेतलं. रेष त्या दिवशीही सरळच निघाली.