सेहऱ्यापुरती शांतता

“हळू बोलत जाय वो माय. घरातला येळ तोंडातून सांडते.”

लग्न होऊन मी अमरावतीला आले, त्या दिवशी सासूबाईंनी, म्हणजे जयवंताबाईंनी, मला एवढंच सांगितलं. तेव्हापासून मी हळूच बोलते.

आमच्याकडे वेळेची रीतच तशी आहे. जिथं आवाज मोठा तिथं ती भराभर जाते, जिथं शांतता तिथं सावकाश. मागच्या उन्हाळ्यात डीजे लावून निघालेला एक नवरदेव मांडवात पोचला तेव्हा दाढी छातीपर्यंत आलेली. नवरी म्हणे, हा तो नाहीच. माझ्या देवघरात उलटं. मनातल्या मनात एक माळ जपून बाहेर यावं, तर गल्लीत सगळ्यांची जेवणं उरकलेली. दही लावायचं असलं की मी भांडं ओट्यावर ठेवते. शेजारची मंजुषा फोनवर माहेरी बोलायला लागली की ते अर्ध्या तासात लागतं. बोलणं लांबलं तर आंबतं.

आमचे यजमान देवीदास फूलबाजारात लिलाव पुकारतात. माझ्याहून चारच वर्षांनी मोठे, पण लोक मला त्यांची मुलगी समजतात.

तर, अकोल्याच्या रईसाला मी एक शब्द दिला होता. ती पूर्वी आमच्या भिंतीपलीकडे राहायची, शिवणकाम करायची. सासूबाईंचं अखेरचं दुखणं, आणि हे फुलं आणायला अंजनगावला गेलेले. रईसानं ऐन ईदच्या तोंडावर मशीन बंद केली, पोरांना माहेरी धाडलं आणि ओठ मिटून माझ्याजवळ बसून राहिली. त्या शांततेत सासूबाईंचा श्वास मुलगा दारात येईपर्यंत पुरला. तेव्हा मी म्हटलं होतं, “रईसा, तुझ्या उजैरचा सेहरा माझ्या हातचा. असा ताजा, की कळी मांडवातच उमलेल.”

आज दुपारी रईसाच्या मुलाचा, उजैरचा, अकोल्यात निकाह.

नवरदेवाच्या कपाळावरून सोडायचा सेहरा मी पहाटेच गुंफून ठेवला. पूजा व्हायची होती, म्हणून यजमान म्हणाले, “मी होतो पुढं. तू ये मांगून.” सेहऱ्याची टोपली घेऊन एसटीत बसले आणि अर्ध्या तासात परत. टोपलीतला मोगरा तपकिरी पडलेला, सकाळीच केलेली दाढी पुन्हा उगवलेली.

“काय झालं हो?”

“मी कुठी काय बोललो! एक जन माह्या सीटवर बसला. त्याले म्हनलं, बाबू, ऊठ. त्याचा आवाज वाढला, मंग माहा वाढला, मंग कंडक्टरचा. मंग अख्खी गाडीच भांडून राहिली.”

मी रागावले नाही. रागावले असते तर देवघरातल्या कळ्याही गेल्या असत्या.

देवघरात कळ्या होत्या. अकरा वर्षं झाली, मी रोज महादेवाला एकेक नाव घेत मोगऱ्याच्या कळ्या वाहते. एरवी एकशे आठ, सोमवारी एक हजार आठ. आज सोमवारच होता. वाहिल्या तर त्या निर्माल्य, सेहऱ्याला चालायच्या नाहीत. न वाहिल्या तर नेम मोडतो.

मी हात जोडून बसले. मग ठरवलं, दर गाठीला एक नाव. महादेव समजून घेईल. त्याच्याही लग्नात कमी गडबड नव्हती.

पण अकोल्याची गाडी साडेदहाची, आणि दहा तर झालेच होते. घरातल्या शांततेत गुंफत बसले तर बाहेर संध्याकाळ होणार. ओट्यावरच्या कलकलाटात बसले तर हात चालतील, पण कळ्या उमलून सुकतील.

“तुमची उशी आणा.”

“माही उशी? काहून?”

मी ती उसवली. जवळजवळ सगळा कापूस स्टीलच्या डब्यात दाबला आणि कळ्या त्यात खोल ठेवल्या. तिथवर आवाज जाणार नाही. डबा मांडीवर घेऊन मी ओट्यावर बसले.

“आता भांडा.”

“कोनाशी?”

“मंजुषाशी. त्या पाण्याच्या पाइपावरून.”

यजमानांचा चेहरा असा खुलला, जणू वर्षभर त्याचीच वाट पाहत होते.

“कावो मंजुषा, तो पाइप कोनं तोडला?”

“तुमीच तोडला, काका! मी डोयानं पायलं!”

“माह्या बापानं टाकलेला पाइप मी तोडीन?”

“बापानं टाकला म्हनून तर सडला!”

मी एक कळी काढायची, नाव घ्यायचं, गाठ मारायची आणि गुंफलेला सर लगेच कापसात सोडायचा. पाइपावरून गोष्ट मांजरावर गेली, मांजरावरून मंजुषाच्या सासऱ्यांवर. तिच्या ओट्यावरचं दही केव्हाच आंबलं.

शेवटची गाठ मारली तेव्हा माझ्या पोटात दोन दिवसांची भूक होती. नाक्यावरच्या घड्याळात मात्र दहा वाजून वीस मिनिटं. दोघांचेही घसे पार बसले होते.

“काका,” मंजुषा कुजबुजली, “मांजराचं अर्धंच राह्यलं.”

यजमानांनी तिला हात जोडले. डब्याकडे बोट दाखवलं.

फाटक करकरतं, म्हणून त्यांनी ते उचलूनच उघडलं. मी पैंजणांच्या घुंगरांत उशीतला उरलेला कापूस कोंबला, डबा पदराखाली धरला, आणि आम्ही दोघं चपला हातात घेऊन नाक्यालगतच्या स्टँडकडे निघालो.