सातव्या घराचे दार

मित्रांनो, माझे एक घर नाही, बारा आहेत. मी आमच्या गल्लीची जुनी सूचनाफळी. एका सुताराने देवदाराच्या उरलेल्या तुकड्यातून मला घडवले आणि वर चिमटा ठोकला. कचऱ्याचा वार, भूकंपाचा सराव, असले कागद माझ्यावर लावतात. प्रत्येक घराने ते वाचायचे, नावापुढे शिक्का मारायचा आणि मला शेजारी द्यायचे.

पूर्वी मी हातातून हातात जायचे. शिक्क्याला क्षण लागे, गप्पांना तास. माझ्याबरोबर मुळ्याचे लोणचे जाई आणि सुनांच्या चहाड्याही. पुढे लोक फार सभ्य झाले. कुणाला त्रास नको म्हणून मला पिशवीत घालून दाराच्या मुठीला अडकवू लागले आणि चवड्यांवर परतू लागले.

गेल्या हिवाळ्यात एका सोमवारी सहाव्या घरच्या इसोगाईबाईंनी मला असेच सातव्या दाराला अडकवले. आत त्सुनेयोआजी एकट्याच राहत. संध्याकाळी काहीतरी धपकन पडले आणि मग आतून ठकठक ऐकू येऊ लागली.

मंगळवारी सकाळी इसोगाईबाई सुनेसह तिथून चालल्या होत्या.

"अगंबाई, फळी अजून इथेच!"

"आई, बेल वाजवू का?"

"नको गं! ऐकलंस ना, ठकठक चाललीय. मुळा चिरत असतील. कशाला त्यांचा खोळंबा?"

दोघी पाय न वाजवता निघून गेल्या. मला तोंड असते तर मी बोंब ठोकली असती. त्यांचा राग मला अजून येतो. रात्री ठकठक थांबली.

बुधवारी आठव्या घरचे एगुची तणतणत आले. गल्लीत त्यांच्याइतका तिरसट माणूस नाही. कचऱ्याचा वार बदलल्याचा कागद माझ्यावरच होता. तो न पोचल्याने त्यांनी पिशवी भलत्याच दिवशी ठेवली आणि सगळ्यांची बोलणी खाल्ली. त्यांनी दारच बडवले.

"आजी! फळी काय शोभेला टांगलीय?"

उत्तर आले नाही. ते घरामागे धावले. काच फुटली, दार उघडले, तेव्हा मला आजी दिसल्या. घरातल्या बोळात पडलेल्या, मांडीचे हाड मोडलेले, हातात चप्पल. ओठ कसेबसे हलले.

"माफ करा हं, एगुची. फळी द्यायला उशीर झाला."

एगुची तिथेच फतकल मारून लहान मुलासारखे रडले.

आजी वाचल्या, पण घरी परतल्या नाहीत. त्या आता वृद्धाश्रमात असतात. यादीत त्यांच्या नावावर पट्टी धरून सरळ रेघ ओढली आहे. मी सहाव्या घरातून थेट आठव्यात जाते.

मित्रांनो, शेजाऱ्याला थोडा त्रास देत जा. मी लाकडाची, मला बेल वाजवता आली नाही. तुम्हाला बोटे आहेत.