तिसऱ्या रांगेतले काका

ओली फिल्म गुंडाळू नये, हे या धंद्यातलं शेंबडं पोरही जाणतं. तरी त्याने ती गुंडाळली होती. सिनेमा कधी एकदा पुरा करतो असं झालेलं, दुसरं काय.

युद्धातलं हे जुनं रीळ एका संस्थेने मोडीत काढलं, तेव्हा त्याने ते मागून आणलं. दुसरी प्रत कुठेच नव्हती. ब्लीचमध्ये बुडवलेल्या बारीक ब्रशने तो कूच करणाऱ्या सैनिकांचे चेहरे एकेका चित्रातून पुसत होता. युद्ध माणसाला कसं खातं, ते त्याला दाखवायचं होतं. फक्त तिसऱ्या रांगेतल्या एकाला हात लावायचा नाही, असा मावशीला शब्द दिलेला. ते काका, तिचे यजमान; लहानपणी पाहिलेला चेहरा त्याने रिळात ओळखला होता. लढाईवरून परतले नाहीत, आणि घरात त्यांचा एकही फोटो उरला नव्हता. डोळ्यांचं ऑपरेशन झालं की बघायला येईन, असं ती म्हणाली होती.

आज सकाळी त्याने रीळ उलगडलं, तर वेटोळी एकमेकांना चिकटलेली. ओलं ब्लीच शेजारच्या थरांत झिरपलं होतं. जीव मुठीत धरून, पाण्यात भिजवून त्याने ती सोडवली. काकांच्या खांद्यांवर नुसता पांढरा डाग. पुढच्या चित्रात तोच. त्याच्याही पुढच्या चित्रात. फिल्म वाळेपर्यंत तो भिंतीला टेकून बसून राहिला.

मग मावशी आली.

"काय रे, तोंड असं का? बायको माहेरी गेल्यासारखं?" तिने खुर्चीत बसून नवा चष्मा रुमालाने पुसला.

"मावशी, आधी ऐक जरा."

"ऐकवलंस की वर्षभर. टोपी तिरकी काय, हसताहेत काय. आता बघू दे."

त्याने पडदे ओढले, प्रोजेक्टर लावला. एक रांग गेली, दुसरी गेली. तिसरी आली. मावशी पुढे वाकली. चष्मा काढला, पुन्हा घातला.

"कुठले रे?"

"डावीकडून दुसरे."

"तिथे पांढरंच दिसतंय." ती मागे टेकली. मग हळूच म्हणाली, "बाकीच्यांचे तू पुसलेस, ते ठाऊक आहे मला. यांना तू हात लावणार नाहीस. म्हणजे माझेच डोळे गेले."

सांगून टाकायची हीच वेळ होती. त्याने तोंड उघडलं.

मावशीने त्याचं मनगट घट्ट धरलं. "तुला दिसताहेत ना?"

"दिसताहेत."

"मग सांग. काय करताहेत?"

भिंतीवरच्या त्या पांढऱ्या डागाकडे बघत तो सांगायला लागला.