दारावरचं समन्स

"भरदिवसा दाराला कडी! घरात बाळंतीण हाय का काय?" सोजरबाई, म्हणजे माझ्या सासूबाई, मी त्यांना आत्याबाई म्हणते, चुलीपाशी पुटपुटल्या. "धुरानं डोळं गेलं माझं." आणि असं म्हणत स्वतःच उठून कडी नीट बसली का ते बघून आल्या.

मी भाकरी थापत होते. तोंडाशी आलेलं उत्तर पिठात मळून टाकलं. हे मागाच्या खड्ड्यात बसून होते. आमचा माग खड्ड्याचा, विणणाऱ्याने त्यात पाय सोडून बसायचं. आता माग बंद आणि हे अख्खेच खड्ड्यात. रस्त्यावर वहाण वाजली की डोकंही खाली.

यांना दिवाणी तुरुंगात घालायचं वॉरंट निघालं होतं. सूतवाल्या शेटजीने उधारीच्या चिठ्ठीवर दावा लावला, तारखेला हे गेले नाहीत आणि कोर्टाने एकतर्फी हुकूमनामा देऊन टाकला. सूत कुजकं निघालं म्हणून सगळे गठ्ठे परत केले होते, पण ते सांगायचं कुणाला? दावा लागला, हेच मुळी आम्हांला वॉरंट निघाल्यावर कळलं.

कमलाकरपंत वकील म्हणाले, "घरात शिरून धरायचं ते उजेडी. सूर्य मावळला की बेलीफ उंबरा ओलांडू शकत नाही, तोही आपल्या घरी जातो." त्यामुळे दिवेलागणीला साऱ्या भवानी पेठेतले पुरुष घरी यायचे, आणि आमचे हे तेव्हा बाहेर पडायचे. नवऱ्याच्या पाठीकडे बघत दिवा लावायचा, असा संसार मी दुसरीकडे कुठे पाहिला नाही.

पंतांनी हुकूमनामा रद्द करण्याचा अर्ज दिला. समन्स यांच्यापर्यंत पोचलंच नाही, हे जज्जसाहेबांना पटलं तर दावा पहिल्यापासून चालेल, गठ्ठ्यांची गोष्ट सांगता येईल. नाही पटलं तर दुसऱ्या दिवशी उजाडताच बेलीफ दारात.

"पण बेलीफ लिहितो, घरी कुणी पुरुष नव्हता म्हणून समन्स दारावर डकवलं," पंत म्हणाले. "समोरच्या चनमल्लप्पा तेल्याची त्यावर सही आहे. खोटं ना?"

"मला काही मिळालं नाही," हे म्हणाले. मी पदर सारखा केला.

मिळालं नव्हतं, हे खरं. पण कागद आला नव्हता, हे खरं नव्हतं. त्या दिवशी हे लुगडी विकायला वळसंगला गेलेले. मी परसात सुताच्या कांड्या भरत होते. पुढे आले तर आत्याबाई उलथन्याने दार खरवडत होत्या.

"काय होतं, आत्याबाई?"

"काय न्हाय." त्यांनी चुलीत काहीतरी कोंबलं आणि फुंकणी घेऊन बसल्या.

आमच्या दाराला सरकारी माणसांनी पूर्वी एकदा हात लावला होता. हे तेव्हा रांगत होते. दारावर खूण झाली आणि सासऱ्यांना गाडीत घालून गावाबाहेरच्या झोपड्यांत नेलं. ते परत आले नाहीत. त्या दुखण्याचं नाव आमच्या घरात कुणी घेत नाही, 'ते वर्ष' म्हणतात. मेलेला उंदीर सापडला तर आत्याबाई त्यावर सूप पालथं घालतात आणि दिवसभर कुणाशी बोलत नाहीत.

वॉरंट निघाल्यावर तो कागद कसला ते मला उमगलं, आणि मी यांना सगळं सांगितलं. हे म्हणाले, "आईला यातलं कळू देऊ नकोस. तिच्या हातून झालं म्हटल्यावर ती अन्न सोडील."

म्हणून दाराला कडी का, हे आत्याबाईंना कुणी सांगितलं नाही. त्यांनी आपल्या मनाने ओळखलं होतं. रोज संध्याकाळी लेकाच्या कपाळाला हात लावायच्या, काखेशी बोटं चाचपायच्या. ताप नाही, गाठ नाही, मग देवाला हात जोडायच्या. हे निमूट चाचपू द्यायचे. आपण तुरुंगाला भितोय आणि आई भलत्यालाच, हे सांगायची सोय नव्हती.

पंतांनी घोळ वाढवला. "त्या दिवशी पुढल्या दारी म्हातारीच होती ना? मग तिचीच साक्ष. अशा आजीला खोटं पाडायची समोरच्या वकिलालाही लाज वाटेल."

मी आत्याबाईंना गोडीगोडीने शिकवलं, "'कागद नव्हता' एवढंच म्हणायचं."

"कसला कागद?"

"कसला का असेना."

माझ्याकडे बघत राहिल्या. "बरं," म्हणाल्या.

कोर्टात बेलीफ घडाघडा बोलून गेला. चनमल्लप्पा आमच्याकडे न बघता म्हणाला, "डकवला साहेब, माझ्यासमोर." मग पट्टेवाल्याने आत्याबाईंचं नाव पुकारलं. पिंजऱ्याचा कठडा त्यांच्या हनुवटीला लागत होता.

पंतांनी विचारलं, "आजी, दारावर कागद होता का?"

आत्याबाईंची नजर सरकारी पट्टेवाल्यावरून हलेना.

जज्जसाहेब जरा पुढे वाकले. "घाबरू नका. त्या कागदात रामहरीला, तुमच्या मुलाला, कोर्टात बोलावलं होतं. त्याला कळलं असतं तर तो आला असता, असं त्याचं म्हणणं आहे. होता का कागद?"

"बोलवायला आले व्हते?" आत्याबाईंनी कठडा धरला. "गाडीत घालून न्यायाला न्हाय?"

"कोर्टात बोलवायला."

त्यांनी वळून यांच्याकडे पाहिलं. यांनी मान हलवली, नको म्हणून. पंत खाली बघत घसा खाकरत होते. मी मनात म्हणत होते, म्हणा आत्याबाई, नव्हता म्हणा. आणि म्हणू नका, असंही.

"तरी म्हनलं, सून माझ्यासंग एवढी गोड का बोलाया लागली," आत्याबाई म्हणाल्या. मग साहेबांकडे तोंड केलं.

"कागद व्हता, सायेब. म्या उलथन्यानं काडला आन् चुलीत घातला. ह्यो गावाला गेलता, ह्येला ठावं न्हाय. मागं एकदा आमच्या दारावर खूण केली आन् ह्येच्या बापाला पलेगच्या झोपडीत न्हेलं. पलेगानंच मेला त्यो. मला वाटलं, आता लेकाला न्यायाला आलात."