एका नटाचे दोन भाऊ

"अडतीस, एकोणचाळीस, चाळीस... उठा!" ताई ओरडली. नट समोरच्या रिकाम्या खुर्चीवर डोळे वटारत उठला.

चित्रपट मुका, त्यामुळे ओरडायला मोकळीक होती. एकाच नटाला जुळे भाऊ करायचं होतं. छायाचित्रकाराने भिंगाचा अर्धा भाग काळ्या पुठ्ठ्याने झाकून थोरला भाऊ टिपला. आता फीत उलटी गुंडाळून, दुसरा अर्धा झाकून, तिच्यावरच धाकटा टिपायचा होता. थोरला चाळीसला उठला, म्हणजे धाकट्याची मान बेचाळीसला खाली जायला हवी. कॅमेऱ्याच्या हँडलचा एक फेरा चुकला की सगळं मुसळ केरात. फीतही शेवटचीच उरली होती.

फेरे मोजायला छायाचित्रकाराने आपल्या थोरल्या बहिणीला, ताईला, आणलं होतं. सोळा वर्षं तिने मागावर धागे मोजले होते.

"बाईमाणसाच्या भरवशावर?" चित्रपट कंपनीच्या मालकांनी नाक मुरडलं होतं.

नट कपडे बदलून दुसऱ्या खुर्चीत बसला. हँडल फिरू लागलं. पस्तिसाव्या फेऱ्याला मागे टेकवलेला देखाव्याचा लाकडी दरवाजा घसरला आणि धाडकन ताईच्या खांद्यावर आदळला.

"थांबवा!" मालक किंचाळले.

"छत्तीस," ताई म्हणाली. आवाज फाटला, पण लय सुटली नाही. "सदतीस." हँडल फिरवणाऱ्या तिच्या भावाला मागे वळून बघायचं होतं, पण हात थांबला असता तर तिनेच झापलं असतं. "बेचाळीस. मान खाली!"

शंभर झाले, तेव्हाच ती खाली बसली. "आता उचला रे तो दरवाजा," म्हणाली.

पहिल्या खेळाला थोरला ताडकन उठला आणि धाकट्याने मान खाली घातली, तशी लोकांत कुजबुज झाली. "जुळेच आहेत हो! पैज लावतो!"

बाहेर पाहुण्यांनी मालकांना गाठलं. "जमवलंत कसं?"

"परदेशी यंत्र आहे," मालक मिशीवरून हात फिरवत म्हणाले.

छायाचित्रकार मालकांपुढे आजवर कधी तोंड उघडून बोलला नव्हता.

"यंत्र तेच जुनं आहे साहेब," तो म्हणाला. "मोजलं माझ्या ताईने. खांद्याचं हाड मोडलेलं असताना."

सगळ्यांच्या नजरा गळ्यातल्या झोळीत हात अडकवून उभ्या असलेल्या ताईकडे वळल्या. मालक ओशाळले. मग जवळ येत हळूच म्हणाले, "पुढच्या चित्रात तिळे करायचेत. जमेल का, ताई?"

"चार करा की," ती म्हणाली. "फक्त मी मोजत असताना कुणी मध्ये बोलायचं नाही."

मालकांनी मान डोलावली आणि दारापाशी मांडलेली स्वतःची खुर्ची तिच्याकडे सरकवली. ताईने डाव्या हाताने पदर सावरला आणि ताठ बसली.