शोकेसमधली जागा

"वेलंकनी मातेला जागेवरून हलवायचं नाही," असं मी अँब्रोजला ठणकावून सांगितलं.

बहारीनला गुदैबियाच्या आमच्या फ्लॅटमध्ये शोकेस एकच. वरच्या फळीवर मधोमध वेलंकनी माता, एका बाजूला आमच्या लग्नाचा फोटो, दुसऱ्या बाजूला आमच्या डॉलीच्या बाहुल्या. माझा नवरा अजून न मिळालेल्या कपासाठी त्या फळीवर जागा करायला निघाला होता. आणि कप तरी कसला, तर जपान्यांचा. तोही बेसबॉलचा.

मी मुळात तापट. सिस्टर हिल्डा राउंडला येतेय म्हटलं की वॉर्डातले पेशंट गुपचूप औषध गिळतात. पण त्या दिवशी माझा आवाज चढला तो रागापेक्षा धास्तीने. कप मिळाला नाही तर हा माणूस पुन्हा मिटून जाईल, अशी मला भीती वाटत होती.

कारण दोन वर्षं मी त्याला मिटलेला पाहिला होता. अँब्रोज आमच्या वसईकरांच्या क्रिकेट क्लबचा फास्ट बॉलर. बहारीनमध्ये मैदान म्हणजे वाळू आणि खडी. त्यावर काथ्याची मॅट अंथरायची, कडेने खिळे ठोकायचे आणि शुक्रवारी, म्हणजे तिथल्या सुट्टीच्या दिवशी, सकाळी खेळायचं. अशाच एका शुक्रवारी त्याचा बूट मॅटच्या काठात अडकला आणि तो आदळला नेमका उजव्या खांद्यावर. आमच्याच हॉस्पिटलात ऑपरेशन झालं. हाड जुळलं, पण हात कानाच्या वर जाईना. तो एका मोठ्या हॉटेलात कॅप्टन, म्हणजे वेटरांचा मुख्य, होता. ट्रे डाव्या हातावर घेऊन त्याने नोकरी निभावली. घरी त्याचे केस मी विंचरायची.

क्लबचा कॅप्टन कॉर्नेलियस मनाचा चांगला, डोक्याने जरा बेताचा. त्याने अँब्रोजला अंपायरचा पांढरा कोट आणून दिला. सिक्सर गेला तर याने दोन्ही हात वर करायचे कसे, एवढंही त्याला सुचलं नाही. अँब्रोजने कोट परत पाठवला, शोकेसमधले सगळे कप वर्तमानपत्रात गुंडाळून पलंगाखाली ढकलले आणि मैदानाकडे पाठ फिरवली. रिकाम्या फळीवर डॉलीने बाहुल्या मांडल्या. शुक्रवारी चर्चमधून आलं की तो भिंतीकडे तोंड करून झोपायचा. माणूस घरात असून नसल्यासारखा. हसायचा तेव्हा अख्खी बिल्डिंग ऐकायची असा तो माणूस, आणि मला ते हसू परत हवं होतं. दुसरं काही नको होतं.

मग ब्याऐंशीच्या थंडीत हॉटेलात तानाबे राहायला आला. जपानी कंपनीचा इंजिनियर, जहाजं दुरुस्त करणारा. महिनोन् महिने मुक्काम. रोज ब्रेकफास्टला अँब्रोजचा डावा हात बघून एक दिवस त्याने विचारलंच. अँब्रोजने खांद्याची कथा सांगितली. तानाबेने विचार केला, मग टेबलावरचा नॅपकिन चुरगाळला आणि उठून कमरेच्या उंचीवरून, आडव्या हाताने, कोपऱ्यातल्या कुंडीत फेकला. "हात वर जात नाही ना? आमच्या बेसबॉलमध्ये काही पिचर, म्हणजे तुमचे बॉलर, असेच टाकतात. आमच्या टीममध्ये एक माणूस कमी आहे. शुक्रवारी अरादला ये."

अँब्रोज संध्याकाळी घरी आला तो गोंधळलेला. "हिल्डा, तो मला चकिंग करायला सांगतोय!" कोपर वाकवून चेंडू फेकायचा हे क्रिकेटवाल्यांच्या लेखी महापाप. मी म्हटलं, "फेक. फादरना मी सांगते." सांगायला नको, पण तो गेला याचं मला इतकं बरं वाटलं की मीही डबा घेऊन मागोमाग गेले. डॉलीला ओढतच न्यावं लागलं. "मम्मी, इट्स सो बोअरिंग," हे तिचं चालूच होतं.

अरादचा किल्ला दिसेल अशा एका मोकळ्या जागेवर ते खेळत. अँब्रोजने आडव्या हाताने पहिला चेंडू टाकला. बॅट्समनच्या चार हात पुढे टप्पा, धूळ उडाली, चेंडू बरोब्बर आत वळला. क्रिकेटमध्ये यावर टाळ्या पडल्या असत्या. इथे बॅट्समनने बॅट हलवलीच नाही. दुसराही टप्प्यावर. तिसरा सरळ बॅट्समनच्या बुटांत, आणि आमचे साहेब अंपायरकडे वळून जोरात ओरडले, "हाउज दॅट!"

जपानी लोक तोंडावर हात ठेवून हसायला लागले. तानाबे धावत आला. "अँब्रोज-सान, चेंडू जमिनीला लागता कामा नये."

"मग बॅट्समन आउट कसा होणार?" अँब्रोजने अगदी मनापासून विचारलं.

मला राहवलं नाही, मी खो खो हसले. आणि बघते तर तोही हसत होता. मोठ्याने नाही, पण हसत होता.

नंतर त्याला युक्ती सुचली. लहानपणी वसईच्या किनाऱ्यावर ओहोटीच्या पाण्यावर चपटे दगड आडवे फेकायची त्याची सवय होती. तसाच हात त्याने इथे फिरवला, फक्त टप्पा पडू दिला नाही. नाताळापर्यंत जपानी बॅट्समन हवेत बॅट फिरवून गिरक्या घ्यायला लागले. घरात पुन्हा शीळ ऐकू येऊ लागली. केस मात्र अजून मीच विंचरत होते.

त्यातच एकदा तानाबेने कमबॅक बक्षिसाचं सांगितलं. जपानच्या मोठ्या बेसबॉलमध्ये ते देतात. दुखापतीने किंवा आजाराने जो संपला असं सगळ्यांनी धरलं, तो पुन्हा उभा राहिला तर त्याला. दर वर्षी देतातच असं नाही. लायक माणूस नसेल तर त्या वर्षी कोणालाच नाही. "आमच्या टीमनेही ते ठेवलंय," तानाबे म्हणाला, "मार्चमध्ये पार्टीत देतो."

झालं! अँब्रोजने ते मनावर घेतलं. हे बक्षीस आपल्यासाठीच ठेवलंय, आपल्या खांद्यासाठीच, असं त्याने ठरवूनच टाकलं. आणि तो शोकेससमोर जाऊन उभा राहिला. तिथून माझं नि त्याचं ते भांडण. शेवटी दोन बाहुल्या हलल्या, माता हलली नाही.

मार्चमध्ये कंपनीच्या मेसमध्ये पार्टी झाली. अँब्रोजने लग्नातला सूट घातला होता. कंपनीचा मोठा साहेब जपानीत बोलायचा, तानाबे इंग्रजीत सांगायचा. उत्कृष्ट फलंदाज झाला, उत्कृष्ट क्षेत्ररक्षक झाला. मग कमबॅक. अँब्रोजने कोटाचं बटण लावलं. साहेब दोन शब्द बोलला आणि तानाबेने सांगितलं, "या वर्षी कोणी नाही."

अँब्रोजने बटण पुन्हा काढलं. त्याची मान खाली गेली ती मी पाहिली आणि माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी उभीच राहिले. "कोणी नाही? मिस्टर तानाबे, या माणसाला स्वतःचे केस विंचरता येत नाहीत! तो तुमच्यासाठी बॉल टाकतोय आणि कोणी नाही?"

"हिल्डा, बस," अँब्रोज पुटपुटला. डॉलीने टेबलक्लॉथमध्ये तोंड लपवलं.

तानाबे रागावला नाही. कमरेत वाकला आणि म्हणाला, "हिल्डा-सान, माणूस परत कुठे येतो? जिथे आधी होता तिथे. अँब्रोज-सान बेसबॉलमध्ये आधी कधी नव्हता. तो इथे पहिल्यांदाच आलाय. परत यायची त्याची जागा दुसरीकडे आहे, ते बक्षीस आम्ही कसं देणार?" बरोबर होतं ते, म्हणून तर जास्त राग आला.

तेवढ्यात साहेबाने पुढचं नाव वाचलं आणि सगळे जपानी एकदम टाळ्या वाजवायला लागले. तानाबे हसू दाबत म्हणाला, "उत्कृष्ट नवा खेळाडू. मिस्टर अँब्रोज. वय वर्षं बेचाळीस."

"नवा?" अँब्रोज म्हणाला.

"जपानमध्ये हे बक्षीस विशीतल्या पोरांना मिळतं," तानाबे म्हणाला.

अँब्रोज पुढे जाऊन कप घेऊन आला. आणि मग हसला. तसाच, पूर्वीसारखा, मेसच्या खिडक्या दणाणतील असा. दोन वर्षांनी ते हसू माझ्या कानावर पडलं आणि मला रडू आलं. लपवलं नाही मी. कशाला लपवू?

घरी चालत येताना वाटेत मल्याळी हॉटेलाच्या दारात कॉर्नेलियस चहा पीत उभा होता. "अँब्रोज! कप कसला रे?"

"नव्या खेळाडूचा," अँब्रोज ऐटीत म्हणाला.

कॉर्नेलियसला काही कळलं नाही, पण कप बघून त्याला धीर आला. "मग ये ना शुक्रवारी. कोट अजून ठेवलाय तुझा."

"कोट मफी, कोट नको," अँब्रोज म्हणाला. "अंपायर नाही होणार. अकरावा बॅट्समन लिही. आणि स्लिपमध्ये उभा करशील. तिथे हात वर करावा लागत नाही."

"तू येशील?"

"इंशाल्ला," अँब्रोज म्हणाला, आणि मग माझ्याकडे बघून, "येणार. खलास."

घरी आल्यावर मी शोकेस उघडली. वेलंकनी मातेचे पाय पदराने पुसले, तिला हळूच वीतभर डावीकडे सरकवलं आणि उरलेल्या बाहुल्या डॉलीच्या हातात दिल्या. अँब्रोजने कप ठेवला. बाजूला बरीच जागा उरली.

"एवढी कशाला?" त्याने विचारलं.

"दुसरा यायचाय ना अजून," मी म्हटलं. "कमबॅकचा."